उजव्या खोक्यातले कोंबडे

९ जानेवारी

ताई,

फोन तू उचलत नाहीस, आणि चुकून उचललास तरी माझा आवाज ऐकून ठेवून देतेस, म्हणून हे पत्र. पत्र अर्ध्यात टाकून दिलंस तरी मला दिसणार नाही, तेवढंच बरं.

भांडण उकरून काढायला लिहीत नाही. एक साधी गोष्ट विचारायची आहे. इथल्या कामाच्या शेवटच्या काही महिन्यांत तुझ्या डोळ्यांना काही झालं होतं का? पिल्लाचा पंख उघडल्यावर पिसांच्या ओळी अंधुक दिसणं, असं काही? मला काही झालेलं नाही. त्या नव्या बाईसाठी विचारतेय.

हो, तुझ्या स्टुलावर आता एक नवी बाई बसते. तिला सगळे 'गुणगुण' म्हणतात, कारण मास्कच्या आत तिचं सारखं काहीतरी गुणगुणणं चाललेलं असतं. तिला मीच शिकवलं, तू मला शिकवलंस तसंच. पिल्लू तळहातावर घे, अंगठ्याने पंख उघड, पिसांच्या दोन ओळी बघ. एक लांब आणि एक आखूड असेल तर मादी, उजवीकडच्या खोक्यात. दोन्ही सारख्या असतील तर नर, डावीकडच्या नरसाळ्यात. तिने विचारलं, "मावशी, नरसाळ्यातून कुठे जातात?" मी म्हटलं, "खाली." ती म्हणाली, "खाली कुठे?" मग सांगावंच लागलं. म्हटलं, "अगं, ही जात अंड्यांची. नर अंडी देत नाहीत आणि यांच्या अंगावर मांसही धरत नाही. त्यांना दाणा घालत कोण बसणार? खाली मशीन आहे. ज्या दिवशी जन्मले त्याच दिवशी संपले." तेव्हापासून तिचं गुणगुणणं वाढलं.

बाकी हॅचरी तशीच आहे. उबवणीच्या खोलीचं दार उघडलं की तोच उबट वास, तोच चिवचिवाट. घरी आल्यावर पापण्यांवर पिवळी लव सापडते. आमचे हे अजून पिल्लांच्या गाडीवरच आहेत. तू गेल्यापासून कॅन्टीनमध्ये कोपऱ्यातलं टेबल रिकामंच असतं. लोक मला बघून दुसरीकडे बसतात, की मीच दुसरीकडे बसते, ते लक्षात येत नाही.

तेवढं डोळ्यांचं कळव.

तुझी धाकटी


२१ जानेवारी

ताई,

तुझं उत्तर नाही. नसूदे.

इथे गडबड झाली आहे. यांनी परवा एका फार्मवरून निरोप आणला. तिथली शेडवाली बाई (तुला आठवत असेल, जाडजूड, घसा बसल्यासारखा आवाज) यांना गाडीतून उतरूसुद्धा देईना. म्हणाली, "अहो, मी अंड्यांसाठी पोरी मागवल्या होत्या. तुम्ही पोरं पाठवलीत. लाल लाल तुरे काढून फिरतायत माझ्या शेडमध्ये!" यांना वाटलं एखाददुसरा असेल, तेवढा तर नेहमीच निघतो. आत जाऊन बघतात तर बरेच.

मॅनेजरांनी आम्हां दोघींना बोलावलं. म्हणाले, "ती खेप तुमच्या टेबलावरून गेलीय. कुणाच्या हातून झालं?" खोकी एकत्र होतात, त्यामुळे कुणाचं कुठलं पिल्लू ते सांगता येत नाही. खोलीतल्या सगळ्यांनी गुणगुणकडे बघितलं. नवी आहे ना. ती मान खाली घालून उभी होती. मीही तिच्याकडेच बघितलं, ताई. का बघितलं ते मला सांगता येणार नाही. सगळे बघत होते म्हणून असेल.

आता खरं सांगते. डोळ्यांचं मी तिच्यासाठी नव्हतं विचारलं. काल डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जाऊन आले. यांना सांगितलं, बाजारात जाते. डॉक्टर म्हणाले, "तुमच्या वयाच्या मानाने नजर एकदम उत्तम आहे." मला इतका आनंद झाला की मी त्यांना दोनदा धन्यवाद दिले. बाहेर रस्त्यावर आले आणि तो आनंद कुठे गेला कळेना. कारण डोळे चांगले, तर मग ते कोंबडे कुठून आले?

तुला सांगते, नाहीतर कुणाला सांगू. दोन-तीनदा तरी असं झालेलं माझ्या लक्षात आलंय. पिल्लू हातात, पंख उघडलेला, दोन्ही ओळी सारख्या आहेत हे मला दिसतंय. आणि पुढच्या क्षणाला हात रिकामा. पिल्लू कुठल्या बाजूला गेलं? डावीकडेच गेलं असणार, इतक्या वर्षांची सवय. पण मला गेल्याचं आठवत नाही. तोवर दुसरं पिल्लू हातात आलेलं असतं. ते ओरडत असतं, सगळीच ओरडत असतात, तिथे थांबून विचार करायला कुणाला सवड आहे?

थकले असेन. दुसरं काय.

तुझी


५ फेब्रुवारी

ताई,

परीक्षा झाली. खरोखरची, शाळेतल्यासारखी. मॅनेजरांनी एक-एक ट्रे आमच्यासमोर ठेवला, मागे दुसऱ्या हॅचरीतून आलेले एक तपासनीस उभे. म्हणाले, "नेहमीसारखं करा, घाबरू नका." असं कुणी म्हटलं की माणूस घाबरतोच. गुणगुण एकेका पिल्लाचा पंख दोन-दोनदा उघडून बघत होती. गुणगुणणं पार बंद. तिचे बरेच चुकले.

माझं एकही चुकलं नाही.

तपासनीस म्हणाले, "वा, हात असावा तर असा!" मॅनेजरांनी सगळ्यांसमोर माझं कौतुक केलं. कुणीतरी टाळीही वाजवली. आणि गुणगुणला ट्रे धुवायच्या विभागात पाठवलं. तिथेही महिनाअखेरपर्यंतच ठेवणार, मग घरी. जाताना ती मला म्हणाली, "मावशी, तुम्ही मला नीट शिकवलं होतंत. माझंच डोकं चालत नाही." आणि मी काय म्हणाले माहीत आहे? "काळजी करू नकोस, होतं असं."

होतं असं! माझी जीभ झडली कशी नाही?

ताई, मी रात्रंदिवस हेच घोळवत बसलेय. परीक्षेत एकही चुकलं नाही, म्हणजे मला येतं. मला येतं, म्हणजे त्या दिवसांत मी चुकले नव्हते. चुकले नव्हते, तर ते कोंबडे तिचे. इथपर्यंत सगळं सरळ आहे. पण मग तो रिकामा हात? मागे तपासनीस उभा होता, तेव्हा प्रत्येक नर डावीकडे गेलेला मला आठवतोय. एक एक आठवतंय. म्हणजे कुणी बघत असेल तर माझा हात बरोबर चालतो, आणि कुणी बघत नसेल तर तो त्याच्या मनाचं करतो? असं कधी असतं का? हात माझाच आहे ना?

यांना विचारलं, "अहो, मी कधी मुद्दाम चूक करीन का?" हे जेवत होते. म्हणाले, "तू? मिठाचा डबा जागचा हलला तर तुला चैन पडत नाही. तू कसली मुद्दाम चूक करतेस!" आणि हसले. मीही हसले.

तू गेलीस त्या दिवशी फाटकाशी मला म्हणाली होतीस, "तू पण चल." आणि मी सगळ्यांदेखत म्हणाले, "तुझं भागलंय आता, म्हणून तुला दया सुचतेय." तू उत्तर दिलंस, "इथून बाहेर पडशील तेव्हा माझ्या दारात ये. तोवर नको." तेव्हा मला तुझा राग आला होता, कारण मला सगळं स्पष्ट दिसत होतं. हे काम आहे, लोक अंडी खातात, कुणीतरी करायला हवं. आता मला काहीच स्पष्ट दिसत नाही, आणि राग कुणावर काढायचा तेही कळत नाही.

तुझी


११ फेब्रुवारी

ताई,

मी ते कोंबडे बघून आले.

सुट्टी होती. यांना म्हटलं, मला गाडीतून घेऊन चला. हे म्हणाले, "कोंबडे बघायला सुट्टी घालवतेस? सिनेमाला जाऊ त्यापेक्षा." पण घेऊन गेले. शेडवाल्या बाईने आधी तोंड वाकडं केलं, मग मी त्याच टेबलावरची म्हटल्यावर मला आपादमस्तक न्याहाळलं आणि म्हणाली, "चला, दाखवते तुमचा प्रताप."

कोपऱ्यात जाळी लावून वेगळे ठेवले होते. अर्धवट वाढलेले, लांब पायांचे, मानेवरची पिसं विस्कटलेली. तुरे लाल. एक त्यातला पुढे आला, मान ताणली आणि आरवायला गेला. आवाज असा निघाला, ताई, गंजलेल्या दाराच्या बिजागरीसारखा! मला हसू फुटलं. शेडवालीही हसली. मग माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आणि हे घाबरून विचारायला लागले, "धूळ गेली का? डोळ्यात धूळ गेली का?" मी म्हटलं, हो.

मला वाटलं होतं, बघितलं की कळेल. बरं वाटलं तर समजायचं, हे मी केलं आणि बरं केलं. वाईट वाटलं तर समजायचं, चूक झाली. तसं काहीच झालं नाही. मी नुसती बघत राहिले. शेडवालीला विचारलं, "यांचं पुढे काय?" ती म्हणाली, "पुढच्या आठवड्यात गाडीवाला नेईल. हाडंच आहेत, सूप होईल फार तर. नुसता दाणा खाल्ला माझा." मग माझ्याकडे बघून जरा नरमाईने म्हणाली, "बाई, तुम्ही एवढं मनाला लावून घेऊ नका. हातून होतं."

निघताना तिने शेजारची शेड दाखवली. ती मी कधीच बघितली नव्हती. इतकी वर्षं उजवीकडच्या खोक्यात पिल्लं टाकली, खोकी कुठे जातात ते यांनाच माहीत. तिथे मोठ्या झालेल्या कोंबड्या होत्या, पिंजऱ्यांच्या ओळीच्या ओळी, खाली उतरता पत्रा, त्यावरून अंडी घरंगळत पुढे येतात. स्वच्छ होतं सगळं, पाणी, दाणा वेळेवर. ती बाई वाईट नाही, ताई. पण प्रत्येकीला जागा एवढीशी. पिल्लांचे पंख उघडून बघण्यात माझा जन्म गेला, आणि त्या शेडमध्ये एकीलाही पंख पुरता उघडता येत नव्हता. मी विचारलं, "अंडी कमी झाली की?" ती म्हणाली, "तोच गाडीवाला."

मला कायम वाटायचं, डावीकडे मरण आणि उजवीकडे जगणं. मी अर्ध्यांना तरी वाचवते. कुणाला बोलले नाही कधी, पण आत तेच धरून बसले होते. आता ते सुद्धा गेलं. मग मी त्या कोंबड्यांना काय दिलं? थोडे दिवस? आणि ते दिवस काय बरे होते? तो बेसूर आरवणारा, त्याला ते दिवस हवे होते की नको होते? त्याला विचारता येत असतं तर विचारलं असतं गं.

परतताना हे म्हणाले, "तू बोलत का नाहीस?" मी म्हटलं, "मला वाटतं ते कोंबडे माझे आहेत." यांनी गाडी बाजूला घेतली, थांबवली. मग म्हणाले, "हे माझ्याजवळ बोललीस ते बोललीस. दुसरीकडे बोलू नकोस." आणि गाडी सुरू केली.

तुझी


१८ फेब्रुवारी

ताई,

मी बोलले.

सकाळी मॅनेजरांच्या खोलीत गेले. म्हटलं, "ती खेप माझी. गुणगुणला परत टेबलावर घ्या." ते फोनवर होते, त्यांनी हाताने बसा म्हटलं. फोन झाल्यावर म्हणाले, "तुमचं मन मोठं आहे, पण तिला असं वाचवू नका. परीक्षेत तुमचं एकही चुकलं नाही."

"म्हणूनच तर म्हणतेय," मी म्हटलं. "मला नर कळतो. कळूनही खोक्यात टाकले."

"का?"

आता काय सांगणार? जे मला माहीत नाही ते त्यांना कसं सांगणार? मी म्हटलं, "माहीत नाही."

ते हसले, कुचेष्टेने नाही, काळजीने हसले. "बाई, थोडी रजा घ्या."

मला काय झालं कुणास ठाऊक. मी उठले, तडक टेबलाशी आले, ते माझ्या मागे. ट्रेमधून पिल्लू घेतलं, पंख उघडून त्यांच्यासमोर धरला. म्हटलं, "बघा. दोन्ही ओळी सारख्या. नर." आणि उजवीकडच्या खोक्यात ठेवलं. अख्खी खोली थांबली. आणखी एक घेतलं. "हाही नर." तोही उजवीकडे. मॅनेजर ओरडले, "वेड लागलंय का तुम्हाला?"

मग त्यांनी विश्वास ठेवला.

पण ऐक, ताई, खरी गोष्ट पुढेच आहे. ती पिल्लं मुद्दाम उजवीकडे ठेवताना माझा हात जड झाला. कोपरापर्यंत दगड बांधल्यासारखा. आणि त्या आधीच्या दिवसांत हात कधीच जड झाला नव्हता, उलट काही जाणवतच नव्हतं. मुद्दाम करणं असं असतं, तर आधीचं मुद्दाम नव्हतं. मग मी मॅनेजरांशी खोटं बोलले का? की खरं बोलले आणि ते सिद्ध करायला खोटं करून दाखवलं? मला आता टेबलावर बसू देणार नाहीत. नोकरी गेली म्हण. त्याचं मला काही वाटत नाही, पण ज्याच्यासाठी गेली ते मी केलं की नाही, हे तरी कळायला हवं होतं.

हे माझ्याशी बोलत नाहीत. म्हणजे "मीठ दे", "दार लाव", एवढंच.

आणि गुणगुण. मला वाटलं ती खूश होईल. संध्याकाळी घरी आली, दारातच उभी राहिली. म्हणाली, "मावशी, तुम्हाला कुणी सांगितलं होतं?" मी म्हटलं, "अगं, तुझ्यावर अन्याय झाला होता." ती म्हणाली, "ट्रे धुवायला गेल्यापासून मला रात्री झोप लागायला लागली होती. किती दिवसांनी. महिना संपेपर्यंत दुसरीकडे कुठेतरी बघितलं असतं. आता पुन्हा तिथेच बसायचं म्हणतायत, आणि नाही म्हणायची मला सोय नाही, घरी सगळ्यांना कळलंय परत घेतलं म्हणून." आणि रडायला लागली. मी तिला पाणी दिलं. ती प्यायली, भांडं खाली ठेवलं, आणि जाताना मला नमस्कार करून गेली. तो नमस्कार कशाचा होता, तेही मला कळलं नाही.

तुझी

ता. क. पाकीट बंद केलं होतं, पुन्हा उघडलं. एक गोष्ट गाळली होती, ती सांगते. खोक्यात ठेवलेली ती दोन पिल्लं मॅनेजरांनी बाहेर काढली. दोन हातांत दोन धरून उभे राहिले. त्यांनी स्वतः कधी कुठलं पिल्लू नरसाळ्यात टाकलेलं नाही, ते दिसतच होतं, त्यांचे कान लाल झाले होते. मग त्यांनी ती माझ्या हातात दिली आणि हळूच म्हणाले, "टाका."

मी टाकली, ताई. एकामागून एक. त्यांनी सांगितलं आणि हात गेला. त्या वेळी तो जरासुद्धा जड नव्हता.


२ मार्च

ताई,

तुझं पत्र आलं. आलं तेव्हा मी दारात उभीच होते, पोस्टमनच्या हातून जवळजवळ ओढूनच घेतलं. तो म्हणाला, "लॉटरी लागली का?"

तुझं अक्षर किती बारीक झालंय. तिकडे शिवणाच्या दुकानात कपडे उसवून-शिवून डोळे ताणलेत का?

तीनदा वाचलं. मला वाटलं होतं, तू लिहिशील, 'बघ, शेवटी तुला माझं पटलं.' किंवा त्या ता. क. बद्दल काहीतरी बोलशील. तू तसं काहीच लिहिलं नाहीस. तू लिहिलंस की तुला दया वगैरे आली नव्हती. एक दिवस अख्खा ट्रे संपला, आणि तुला त्यातलं एकही पिल्लू आठवेना, आणि घरी जाऊन भाजीत काय घालायचं एवढंच डोक्यात होतं, त्याची तुला भीती वाटली म्हणून तू उठलीस. इतके दिवस मला वाटत होतं, तू माझ्यापेक्षा चांगली म्हणून गेलीस, आणि त्याचाच मला राग होता. आता तो राग ठेवायला जागाच उरली नाही. बरं वाटायला हवं. हातात धरलेली जड पिशवी कुणीतरी अचानक काढून घेतल्यावर हात कसा वरच्या वर जातो, तसं वाटतंय.

तू पुढे लिहिलंस, "तुझा हात तरी चुकला." हे कौतुक आहे का? मी यांनाही वाचून दाखवलं. हे आता बोलायला लागलेत. म्हणाले, "तुम्हा बहिणींचं तुम्हालाच कळो." मग थोड्या वेळाने स्वयंपाकघरात येऊन उभे राहिले आणि म्हणाले, "मी अजून ती गाडी चालवतोय. मी काय करू?" मी म्हटलं, "मला विचारू नका हो, मला स्वतःचं कळत नाहीये." ते म्हणाले, "तेच म्हणतोय. तुला कळलं की मला सांग." आणि गाडी धुवायला गेले. गेल्या कित्येक वर्षांत आमच्यात एवढं बोलणं झालं नव्हतं.

तू लिहिलंस, ये. कधी ये ते लिहिलं नाहीस, म्हणून मी गुरुवारी येतेय. दुकानात मदत करीन, पण मला शिलाई येत नाही, फार तर बटणं लावीन.

एकच आहे. तू म्हणाली होतीस, इथून बाहेर पडशील तेव्हा ये. मी बाहेर पडले असं मला म्हणवत नाही. मला काढलं. आणि कशासाठी काढलं ते मला अजून कळलेलं नाही. कदाचित कधीच कळणार नाही. तुला वाटत असेल मी काहीतरी ठरवून, समजून-उमजून येतेय, तर तसं नाही. काही न कळताच येतेय.

तेव्हा दारात मला विचारू नकोस की ते मी मुद्दाम केलं का. आधी आत घे.

तुझी धाकटी